लिव्हरपूलच्या विद्युत रेल्वेवरील मूकपट : दस्तऐवज कशाचा?

आरंभकालीन मूकपटांना सरसकट ‘दस्तऐवज’ संबोधण्याची प्रथा आपल्याकडील चित्रपट-अभ्यासातही रूढ आहे. ल्युमिएर बंधूंचा छायाचित्रकार अलेक्सांद्र प्रोमिओ याने १८९७ मध्ये लिव्हरपूल येथे चित्रित केलेली चार लघुपटांची मालिका मात्र या संज्ञेची फेरतपासणी करावयास लावते. १८९३ मध्ये सुरू झालेली लिव्हरपूल ओव्हरहेड रेल्वे ही विजेवर चालणारी जगातील पहिली उन्नत रेल्वे होय. तिच्यावरील मूकपट म्हणून या मालिकेचा उल्लेख होतो. प्रत्यक्षात तीत दिसतात त्या गोद्या, जहाजे आणि गोदामे. मूळ फ्रेंच शीर्षकाचा अर्थ ‘विद्युत रेल्वेतून घेतलेले दृश्य’ असा आहे. येथे षष्ठी नसून पंचमी आहे, ही बाब केवळ व्याकरणाची नव्हे.

७ जुलै १८९६ रोजी मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखविलेल्या ल्युमिएर लघुपटांत गाडीच्या आगमनाचा एक लघुपट होता. तेथे गाडी हा पाहण्याचा विषय आहे. लिव्हरपूलमध्ये ती पाहण्याचे साधन बनते. (चालत्या वाहनातून चित्रीकरण प्रोमिओने १८९६ मध्येच व्हेनिसच्या कालव्यात नावेतून केले होते.) वाफेऐवजी वीज निवडण्यामागे गोदीतील मालाला ठिणग्यांपासून असलेला आगीचा धोका हे एक कारण होते. स्वतंत्र इंजिन नाही, मोटारी डब्यांनाच जोडलेल्या. त्यामुळे गाडीचा स्वतःचा धूर कॅमेऱ्यासमोर येण्याचा प्रश्नच नव्हता. मालाच्या सुरक्षिततेसाठी केलेली योजना कॅमेऱ्याला अशी अनायासे उपकारक ठरली. वीज पडद्यावर दिसत नाही, परंतु या धूरविरहित, सलग सरकत्या दृश्यातून ती वाचता येते. प्रस्तुत लेखिकेच्या मते मालिकेचे दस्तऐवजी मूल्य प्रामुख्याने येथे आहे.

तिला व्हिक्टोरियन वैभवाचे संपूर्ण चित्र मानणे मात्र घाईचे होईल. पावसात गोदी कामगार या उन्नत मार्गाच्या आडोशाने चालत, म्हणून त्याला ‘गोदी कामगारांची छत्री’ असे नाव पडले होते. डब्यातून बाजूला रोखलेल्या कॅमेऱ्याच्या कक्षेत थेट खालून चालणारा माणूस येऊच शकत नाही. ज्या उंचीमुळे दृश्याला विस्तार लाभतो, तीच उंची त्याला वगळते.

ही रेल्वे ३० डिसेंबर १९५६ रोजी बंद झाली व पुढे पाडण्यात आली. प्रवाशाला खिडकीतून गोदी कशी दिसे, हे आज या मालिकेतून कळते. छत्रीखालून वर पाहणाऱ्याला ती गाडी कशी दिसे, हे जाणण्यासाठी अभ्यासकाला अन्य साधनांकडे वळावे लागेल.