सामान्य जनांची साक्ष : ‘हमारा शहर’

मावळांत कार्लें येथील चैत्यगृहाचें द्वार धेनुकाकटच्या सामि नामक सुतारानें घडविलें, असें तेथील ब्राह्मी लेख सांगतो. नांव उरलें, त्याचें बोलणें मात्र उरलें नाहीं. ही उणीव आपल्या बहुतेक साधनांत आहे. म्हणून श्री. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’ या माहितीपटाकडे आम्ही साधन या दृष्टीनें पाहतों.

झोपड्या पाडल्या जात असतां मुंबईंतील निराश्रित माणसें यांत स्वमुखें बोलतात. एक स्त्री तर चित्रकर्त्यासच धारेवर धरते. गरिबांचीं चित्रें घेऊन तुम्ही आपलें नांव करणार, असा तिचा आरोप. आपल्याविरुद्धची ही साक्ष कर्त्यानें गाळली नाहीं, हेंच त्याच्या विश्वसनीयतेचें प्रमाण होय. बखरकारांत हा गुण विरळा.

तथापि संकलन म्हणजे निवड. छापील वेंचा मूळ दप्तराची जागा घेऊं शकत नाहीं, तसाच चित्रपटहि. सबब अशा चित्रपटांच्या न वापरलेल्या फितीहि स्थळ व तारखेसह जतन झाल्या पाहिजेत. पुण्यांत १९६४ सालीं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें. संग्राहकांनीं त्यासहि दप्तरखानाच मानावें, अशी आमची सूचना आहे.