विद्या, सारिका आणि चहाची वेळ

हॉस्टेलवर ‘सत्या’ (१९९८) लागला की सगळे भिकू म्हात्रे व्हायचे. विद्याच्या सीनला कुणीतरी चहा आणायला उठायचं. बहुतेकदा मीच.

परवा हिंजवडीहून येताना बस वाकडला अडकली, तेव्हा मोबाइलवर पुन्हा पाहिला. उठायला नको होतं राव. ऊर्मिला मातोंडकरची विद्या म्हणजे समोरच्या खोलीतली मुलगी: आजारी वडील, गायिका व्हायची धडपड. तिला गाणं मिळतं ते धमकीच्या जोरावर. ते तिला सोडून सगळ्यांना ठाऊक असतं. शेवटी कळतं तेव्हा तिच्या हातात फक्त दार न उघडणं उरतं. सत्या मरतो आणि सिनेमाही संपतो. पुढे तिचं काय, हे रामगोपाल वर्मा विचारत नाही.

ते विचारलं आपल्या एफटीआयआयच्या श्रीराम राघवननं, पहिल्याच सिनेमात. ‘एक हसीना थी’ (२००४), निर्माता पुन्हा वर्माच. सारिका वर्तक तितकीच भाबडी. प्रियकर गुन्हेगार निघतो, तिला अडकवतो. पण इथे कॅमेरा तिच्यासोबत तुरुंगात जातो.

जपानच्या मेइको काजीच्या ‘स्कॉर्पियन’मध्येही (१९७२) हेच: प्रियकराचा दगा, तुरुंग, सूड. पण काजीची नजर सुरुवातीपासूनच धारदार. ऊर्मिलाला ती आपल्यासमोर कमवावी लागते. उंदराला किंचाळणारी सारिका एक दिवस कोठडीत उंदीर मारते. त्यानंतरचा तिचा चेहरा बघा. मला तो विद्याचाच, पण दार उघडून बाहेर आलेला वाटला.

शेवटची गुहा मात्र जरा जास्तच झाली. तिथे मला उंदरांपेक्षा ऊर्मिला अजून थोडा वेळ हवी होती.