पहिलेपणाचा दाखला

दिग्दर्शिका अरुणा राजे यांच्याविषयी अलीकडे जे काही लिहिले-बोलले जाते, त्यात पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून १९६९ साली बाहेर पडलेली पहिली प्रशिक्षित स्त्री-तंत्रज्ञ हा दाखला अग्रभागी जोडलेला असतो, त्याखाली 'स्त्रीवादी' असा शिक्का उमटतो, आणि एवढी दप्तरी पूर्तता झाली की त्यांचे चित्रपट पाहण्याचे प्रयोजनच कोणाला उरत नाही. त्यात भर म्हणून, 'गहराई' हा त्यांचा आणि विकास देसाई यांचा १९८० मधील चित्रपट हल्लीच्या तरुणांना नव्याने सापडला आहे तो भयपटांच्या यादीत. लिंबू आणि बाहुली यांपलीकडे त्यात काही आहे याची वार्ताही या मंडळींना नाही.

वस्तुतः 'गहराई' हा आमच्या या बंगळुराविषयीचा चित्रपट आहे, आणि हिंदीत या शहराच्या वाट्याला असा दुसरा फारसा आलेला नाही. चेन्नबसप्पा नावाचा सुस्थित गृहस्थ गावाकडची जमीन साबणाच्या कारखान्यास विकतो. ती जमीन ज्याने आयुष्यभर राखली त्या बसवाला ते सहन होत नाही. आणि बंगळुरातील घरात त्याच्या शाळकरी मुलीच्या, उमाच्या तोंडून कोणी वेगळेच बोलू लागते, ते बोलता बोलता बापाने बसवाच्या बायकोवर केलेल्या जुन्या अत्याचारापर्यंत येऊन ठेपते. लेखनात विजय तेंडुलकरांचा वाटा असल्याने हे अवघड येणे कसे वसूल होते हे मराठी वाचकास सांगावयास नको. बुद्धिवादी बापाच्या भूमिकेत श्रीराम लागू असावेत, ज्यांनी पुढे देवालाच निवृत्त करण्याची सूचना जाहीरपणे केली, हा योग तर केवळ अपूर्व! डॉक्टर खरे की मांत्रिक, याचा निवाडा चित्रपट देत नाही. जमिनीचा व्यवहार, घरातील रोग आणि जुने पाप ही तीन प्रकरणे तो अशा क्रमाने एकमेकांशेजारी ठेवतो की त्यांचा कार्यकारणसंबंध आपल्याच मनात तयार व्हावा.

ही संकलकाची बुद्धी आहे, आणि राजे यांचे शिक्षण संकलनाचेच. पस्तीस मिलीमीटरच्या फितीच्या एका फुटात १६ चौकटी असतात आणि पडद्यावरचा एक सेकंद २४ चौकटींचा, म्हणजे दीड फुटाचा. चेहऱ्यावर विचार उमटून जिरेपर्यंत थांबावे की त्याआधीच कात्री चालवावी, हा प्रश्न संकलनाच्या टेबलावर पाव-अर्ध्या फुटात सोडवावा लागतो, आणि एकदा ही सवय हाडीमासी खिळली की दिग्दर्शक म्हणून चित्रण करतानाही माणूस काय दाखवायचे याआधी कोठे तोडायचे याचा विचार करतो. १९८३च्या 'मासूम'चे संकलन याच जोडीचे. नवऱ्याच्या विवाहबाह्य संबंधातून जन्मलेले मूल घरात आल्यावर त्या गृहिणीचा संताप जितका संवादांत आहे, तितकाच दोन नजरांमधील अंतरात आहे.

'शक' (१९७६) ही आशादायक सुरुवात. 'सितम'बद्दल आणि पुढच्या 'तुम'बद्दल न बोलणेच सभ्यपणाचे. 'रिहाई' (१९८८) आणि नेटफ्लिक्सवर आलेला मराठी 'फायरब्रँड' (२०१९) या राजे यांच्या एकटीच्या चित्रपटांची मात्र अमाप स्तुती झाली, आणि ती सर्वस्वी विषयाची झाली. 'रिहाई'त पुरुष मुंबईला गेलेल्या गावातील बाईने परपुरुषापासून राहिलेला गर्भ ठेवण्याचा हक्क मागावा, हे धाडस मोठेच. परंतु वाद सिद्ध करण्याच्या भरात ते चित्र बोलके होते, आणि 'गहराई'त जे आपण जोडून घेतो ते येथे आपल्याला जोडून मिळते.

असे असता समीक्षकांनी नेमके हेच पुढचे चित्रपट राजे यांचे म्हणून का उचलून धरावेत? कारण 'अरुणा-विकास' या संयुक्त नावाची वाटणी त्यांनी मनातल्या मनात केव्हाच करून टाकली आहे: तंत्र त्याचे, वेदना तिची. विकास देसाई यांच्या श्रेयातून रतिभरही वजा करण्याचा माझा हेतू नाही. परंतु संकलनाचे रीतसर शिक्षण घेतलेल्या स्त्रीच्या खाती कौशल्याऐवजी कळवळा जमा करणारा हा हिशेब कोणत्या न्यायाने टिकतो? याच शहरात प्रेमा कारंतांचेही असेच झाले. रंगभूमीवर वेशभूषेचे काम केलेल्या या बाईंनी १९८३ साली 'फणियम्मा' हा चित्रपट केला आणि तो एका बालविधवेची करुण कहाणी व कन्नडमधील पहिल्या स्त्री-दिग्दर्शिकेची कृती म्हणून नोंदला गेला. वस्त्राकडे पाहण्याची त्यांची नजर त्या चित्रपटात कोठे कामी आली, हे कोणी विचारले नाही. महिला दिनाच्या आठवड्यात स्वतंत्र विभाग काढून अशा चित्रपटांची सोय लावणारे आयोजक, त्यांच्या कसबाचा मुलाहिजा राखण्याऐवजी त्यांना प्रतिस्पर्ध्यांच्या पंक्तीतूनच उठवतात. ज्यांना हे अतिशयोक्त वाटते त्यांनी उमाच्या तोंडून बापाचा गुन्हा बाहेर येतो तो प्रसंग एकदा आवाज बंद करून पाहावा, आणि मग तंत्र कोणाचे व वेदना कोणाची, ही वाटणी मला करून दाखवावी.