स्थानकावरचा निरोप : कार्दुच्चीची एक कविता

निरोपाचे काव्य आपल्याला नवे नाही. सासरी निघालेल्या लेकीला वेशीपर्यंत पोचवायला जाणारी आई आपल्या ओव्यांतून शतकानुशतके उभी आहे. बैलगाडी हलली तरी चार पावले बरोबर चालता येते, चाकाला हात लावून एक शब्द जास्त बोलता येतो. आगगाडी मात्र घड्याळाच्या काट्यावर सुटते. कोणाचे डोळे पुसून व्हायचे आहेत म्हणून ती थांबत नाही. या नव्या निरोपाचे दुःख निराळे आहे आणि ते ओळखणारी एक उत्तम कविता इटालियन भाषेत आहे. जोझुए कार्दुच्ची याची ‘पानगळीच्या एका सकाळी स्थानकावर’ ही ती कविता. शीर्षकातला ऋतू आपला शरद नव्हे, हे आधीच सांगितलेले बरे. आपला शरद म्हणजे कोजागिरीचे चांदणे आणि दिवाळीचे दिवे. तिकडचा तो काळ धुक्याचा, चिखलाचा आणि गळणाऱ्या पानांचा.

कार्दुच्ची (१८३५–१९०७) हा १८६० पासून बोलोन्याच्या विद्यापीठात इटालियन साहित्याचा प्राध्यापक होता. १९०६ चे नोबेल पारितोषिक त्याला मिळाले. बोलोन्या हे कमानींच्या रस्त्यांचे जुने शहर. १८५९ मध्ये तेथे आगगाडी आली, १८६४ मध्ये आपेनीन पर्वत ओलांडून पिस्तोयाकडे जाणारा मार्ग खुला झाला आणि पंडितांच्या या गावात अर्धी इटली गाडी बदलू लागली. मिलान, व्हेनिस, फ्लॉरेन्स आणि आड्रियाटिकचा किनारा या सर्वांचे रूळ आजही तेथे एकत्र येतात. कवितेत स्थानकाचे नाव नाही. पण ते बोलोन्याचेच, असे सामान्यतः मानले जाते. कविता १८७५–७६ मध्ये लिहिली गेली आणि १८७७ च्या ‘ओदी बार्बरे’ या संग्रहात आली.

या कवीचे आगगाडीशी नाते जुने होते. १८६३ मध्ये त्याने सैतानाचे स्तोत्र लिहून सनातनी इटलीला हादरा दिला होता. त्याचा सैतान म्हणजे बुद्धी, बंड आणि प्रगती. आणि त्या स्तोत्राच्या शेवटी धूर ओकत दऱ्याखोरी ओलांडणारे वाफेचे इंजिन विजयी वीरासारखे अवतरते. बारा-तेरा वर्षांनी तेच इंजिन या कवितेत धापा टाकणारे, डोळ्यांत आग असलेले क्रूर श्वापद झाले आहे, कारण आता ते त्याच्या प्रियेला घेऊन चालले आहे. कवीने मत बदलले, असा आक्षेप येथे कोणी घेईल. मला तो मान्य नाही. स्तोत्र लिहिताना इंजिन ही त्याच्या दृष्टीने एक कल्पना होती. कल्पना कोणाला कोठून उचलून नेत नाही. फलाटावर उभे राहिल्यावर त्याला कळले की प्रगतीलाही वेळापत्रक असते आणि त्यात आपल्याला विचारलेले नसते.

पंधरा चौकड्यांच्या या कवितेची खरी श्रीमंती तिच्या तपशिलांत आहे. ओल्या झाडांमागचे मिणमिणते दिवे, शिटीचा कर्कश स्वर, कंदील आणि हातोड्या घेऊन गाडीच्या कडेने फिरणारे काळ्या टोप्यांचे कामगार, ब्रेकच्या लोखंडावर पडणाऱ्या घावांचा लांबणारा नाद, धाडकन लागणारी दारे, काचेवरचा पाऊस. प्रिया तिकीट पुढे करते आणि गार्ड त्याला चिमटा मारतो, एवढीशी गोष्ट. पण त्याच क्षणी आपली सरलेली सुखाची वर्षेही ती काळाच्या हाती देत आहे, हे कवीला दिसते. रोज हजार वेळा घडणाऱ्या कृतीत आयुष्याचा तुकडा पाहणे, हे मोठ्या कवीचेच काम.

आणि हे सारे कोणत्या छंदात? प्राचीन ग्रीक आणि लॅटिन कवींच्या आल्कायी छंदात! असे छंद इटालियनमध्ये आणले तर ते प्राचीनांच्या आणि आधुनिकांच्याही कानांना रानटी वाटतील, म्हणून संग्रहाचे नावच त्याने ‘रानटी गीते’ असे ठेवले. शार्दूलविक्रीडितात तिकीट आणि ब्रेक बसवायचे म्हटले तर काय कसरत होईल, हे मराठी वाचकाला सांगायला नको. प्रियेचे ‘लिदिया’ हे नावही त्याने होरेसकडून घेतले. प्रत्यक्षात ती होती एका लष्करी अधिकाऱ्याची पत्नी, कारोलिना क्रिस्तोफोरी पीवा. जुन्या छंदाच्या करड्या शिस्तीमुळे हे दुःख ओरडत नाही. दाबून धरलेल्या हुंदक्यासारखे ते ओळीओळीतून जाणवत राहते.

तरीही या कवितेत एक उणीव आहे. लिदियाला चेहरा आहे. बाकीच्या प्रवाशांना नाही. अंग लपेटून मुकाट्याने डब्यांकडे चाललेली ती माणसे कोणत्या दुःखाकडे किंवा आशेकडे निघाली आहेत, असा प्रश्न कवी विचारतो. पण उत्तरासाठी थांबत नाही. पुढे त्याच्या विरहाने सारे जगच कायमचे नोव्हेंबर होऊन जाते. प्रेमिकाला तेवढा स्वार्थ माफ असतो. पण प्रश्न मात्र फलाटावर तसाच राहतो.

त्या प्रश्नाला बोलोन्याच्या स्थानकाने फार भयंकर रीतीने उत्तर दिले. २ ऑगस्ट १९८० ला, सुट्ट्यांच्या गर्दीतल्या शनिवारी, सकाळी १० वाजून २५ मिनिटांनी दुसऱ्या वर्गाच्या वेटिंग रूममध्ये बॉम्ब फुटला. ८५ माणसे गेली, दोनशेहून अधिक जखमी झाली. नवफॅसिस्ट गटातील व्यक्तींना पुढे न्यायालयांनी दोषी ठरवले. रुग्णवाहिका पुरेनात तेव्हा शहराची ३७ क्रमांकाची बस मृतदेह वाहू लागली. आज त्या जागी भिंतीतली भेग तशीच ठेवली आहे आणि संगमरवरावर सगळ्यांची नावे वयासह कोरली आहेत. त्यांत तीन वर्षांची मुलगी आहे आणि शहाऐंशी वर्षांचे आजोबाही. बाहेरचे एक घड्याळ १०.२५ वर थांबवलेले आहे. दर वर्षी त्या दिवशी त्या वेळी गाडीची शिटी होते आणि चौकातला समुदाय एक मिनिट स्तब्ध उभा राहतो.

कवितेतले सावलीसारखे प्रवासी आणि संगमरवरावरची ही नावे एकमेकांशेजारी ठेवून पाहावीत. कोणी समुद्रावर चालले होते, कोणी घरी, कोणी केवळ गाडी बदलायला उतरले होते. त्या लपेटलेल्या गर्दीतल्या प्रत्येकाची कोणीतरी लिदिया होती, किंवा तो स्वतः कोणाची तरी लिदिया होता. कार्दुच्चीने हे लिहिले नाही. पण शिटी, तिकीट आणि दार यांचे दुःख त्याने इतके खरे सांगून ठेवले, की आपण ते आता इतरांनाही लावून पाहू शकतो. कवितेचे मोठेपण यातही आहे. सणासुदीला आपलीही स्थानके गजबजतात. आपल्या माणसाला खिडकीतून पिशवी देताना शेजारच्या खिडकीतही कोणीतरी हात हलवत असते, हे तिच्या वाचकाच्या सहसा नजरेआड होणार नाही.