एक भाषा, कोड अनेक

गिटहबवर कोणताही प्रकल्प उघडला की उजवीकडे एक रंगीत पट्टी दिसते. जावास्क्रिप्ट इतके टक्के, पायथन इतके टक्के, वगैरे. ही टक्केवारी काढणाऱ्या सॉफ्टवेअरचं नाव ‘लिंग्विस्ट’, म्हणजे भाषाशास्त्रज्ञ. त्याच्या पोटात प्रोग्रामिंग भाषांची एक लांबलचक यादी आहे. ती कुणालाही वाचता येते, आणि मी ती एखादं पुस्तक वाचावं तशी अधूनमधून वाचतो. तिचे नियम मजेशीर आहेत. नव्या भाषेला यादीत यायचं असेल तर ती आधीच शेकडो ठिकाणी वापरात असल्याचं दाखवावं लागतं. प्रत्येक नोंदीला एक प्रकार असतो: प्रोग्रामिंग, मार्कअप, डेटा किंवा गद्य. पट्टीत सहसा पहिले दोनच मोजतात. गद्याला तिथेही कुणी विचारत नाही. आणि काही नोंदींपुढे ‘ग्रूप’ असा रकाना असतो. ज्या भाषेपुढे तो भरलेला असेल, तिच्यात लिहिलेलं सगळं आकडेवारीत पालकभाषेच्या खात्यावर जमा होतं. तुम्ही टीएसएक्स लिहिता, मोजलं जातं टाइपस्क्रिप्ट.

आता दुसरी यादी बघू. २०११च्या जनगणनेत लोकांनी आपली मातृभाषा म्हणून जी नावं सांगितली ती भरली १९,५६९. छाननी करून, वेगवेगळी स्पेलिंगं आणि गावांची-जातींची नावं एकत्र करून त्यातून १,३६९ मातृभाषा काढल्या गेल्या. शिवाय १,४७४ नावं ‘अवर्गीकृत’ म्हणून बाजूला पडली. मग १०,००० बोलणाऱ्यांचा उंबरठा लावला, जवळच्या वाटलेल्या मातृभाषा एकेका पालकाखाली घातल्या, आणि उरल्या १२१ भाषा. त्यातल्या २२ घटनेच्या आठव्या अनुसूचीतल्या, ९९ बाहेरच्या. भोजपुरी बोलणारे पाच कोटींच्या वर आहेत, ते जमा होतात हिंदीच्या खात्यावर. महाराष्ट्रातल्या तांड्यांवर बोलली जाणारी बंजारा, लमाणी भाषाही तिथेच. तुम्ही गोरबोलीत बोलता, मोजली जाते हिंदी.

एक यादी कॅलिफोर्नियातल्या कंपनीची, दुसरी भारत सरकारची. पण दोन्हींचं व्याकरण एकच: उंबरठा, पालक आणि ‘इतर’. हे साम्य दाखवून ‘बघा, सगळी नावं कृत्रिमच असतात’ असं म्हणून थांबता येईल. मला मात्र दोन्हींतला फरक जास्त महत्त्वाचा वाटतो. प्रोग्रामिंग भाषांच्या जगात नाव हा एक करार असतो. ते नाव लावलं की काय चालेल आणि काय चालणार नाही, हे सांगावं लागतं. आपण मराठी माणसं ‘मराठी’ हे नाव वापरतो तेव्हा असा कोणताही करार करत नाही. सोयीनुसार ते कधी लांबवतो, कधी रुंदावतो, कधी आखडतो.

आधी लांबवण्याबद्दल. २००८ साली पायथनची तिसरी आवृत्ती आली, आणि दुसऱ्या आवृत्तीतले असंख्य प्रोग्राम तिच्यावर चालेनात. अगदी साधं ‘प्रिंट’सुद्धा वेगळ्या पद्धतीने लिहावं लागू लागलं. तरी नाव तेच राहिलं, आणि त्याची किंमत त्या समाजाने चुकवली. जुनी आवृत्ती १ जानेवारी २०२०पर्यंत सांभाळावी लागली. पर्लचं उलट झालं. ‘पर्ल ६’ म्हणून जे काम २०००मध्ये सुरू झालं ते इतकं वेगळं झालं की २०१९मध्ये तिचं नाव बदलून ‘राकू’ केलं. एकाने नाव राखलं, दुसऱ्याने सोडलं. दोन्हीकडे ‘जुनं नव्यात चालतं का?’ हा प्रश्न उघडपणे विचारला गेला.

मराठीला हा प्रश्न आपण कधी विचारला? अभिजात दर्जाच्या मागणीचा सगळा डोलारा ‘महाराष्ट्री प्राकृत आणि आजची मराठी ही एकच भाषा’ या विधानावर उभा होता. महारट्ठी, मऱ्हाटी, मराठी अशी नावांची साखळी दाखवली की दोन हजार वर्षं हातात येतात. पण गाथासप्तशतीची गाथा आजच्या मराठी वाचकापुढे ठेवली तर त्याला भाषांतर लागतं. ज्ञानेश्वरीला निदान शब्दार्थ आणि थोडा धीर पुरतो. जगभरच्या भाषांना तीन अक्षरी कोड देणारं आयएसओ ६३९-३ हे मानक इथे तीन वेगळ्या नोंदी करतं: महाराष्ट्री प्राकृत ‘पी-एम-एच’, जुनी मराठी ‘ओ-एम-आर’ आणि आजची मराठी ‘एम-ए-आर’. आणि ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने काय केलं? मराठीला अभिजात दर्जा दिला आणि त्याच निर्णयात प्राकृतलाही वेगळा दिला. म्हणजे ज्या एकत्वावर आपला दावा उभा होता ते मान्यही झालं आणि अमान्यही. फटाक्यांच्या आवाजात ही गंमत फारशी कुणाच्या लक्षात आली नाही. दर्जा मिळाला याचा मला आनंदच आहे. पण वंशाचा पुरावा म्हणजे अभिन्नतेचा पुरावा नव्हे, हे कंपायलर आपल्याला एका सेकंदात दाखवतो. अर्जाला कंपायलर नसतो.

आता रुंदावण्याबद्दल. जॉर्ज ग्रिअर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाचा सातवा खंड १९०५ साली निघाला. तो संपूर्ण मराठीला वाहिलेला आहे, आणि त्यात कोकणी मराठीची बोली म्हणून येते. पुढे अ. का. प्रियोळकरांनी तीच बाजू हिरिरीने मांडली, सु. मं. कत्रे यांनी १९४२च्या आपल्या ग्रंथात कोकणीच्या घडणीचा स्वतंत्र इतिहास मांडला. १९७५मध्ये साहित्य अकादमीने कोकणीला स्वतंत्र साहित्यभाषा म्हणून मान्यता दिली, १९८७मध्ये ती गोव्याची राजभाषा झाली, १९९२मध्ये आठव्या अनुसूचीत आली. या काळात पेडण्याच्या किंवा काणकोणच्या माणसाच्या तोंडातली क्रियापदं बदलली नाहीत. बदललं ते वहीतलं पान. आणि ते आपोआप बदललं नाही. लोकांनी लिहून, भांडून, मतं देऊन बदलवलं. भाषेचं नाव ठरवण्याची ही मला सगळ्यात प्रामाणिक पद्धत वाटते, कारण निदान ते नाव घेणाऱ्यांनी ठरवलेलं असतं.

भाषाशास्त्र हा वाद मिटवेल अशी अनेकांना आशा असते. ‘शेवटी वंशवृक्ष कुठेतरी काढलेला असेलच ना?’ असतो. पण वृक्ष काय दाखवतो आणि काय लपवतो हे प्रोग्रामिंग करणाऱ्याला चटकन कळावं. जावास्क्रिप्टचे महिरपी कंस सी घराण्यातले, फंक्शनची कल्पना स्कीममधून आलेली, वस्तूंची रचना सेल्फ नावाच्या भाषेतून आणि नाव जावाचं, केवळ बाजारपेठेसाठी घेतलेलं. हिला कोणत्या फांदीवर बसवणार? मराठीचंही तसंच. शब्दसंपत्ती आणि प्रत्यय इंडो-आर्यन. पण ‘आम्ही’ आणि ‘आपण’ यांतला फरक, ज्यात ऐकणाऱ्याला धरायचं की वगळायचं हे ठरतं, किंवा ‘येतो म्हणून सांगितलं’ यातला ‘म्हणून’, हे सगळं द्राविड शेजाराची आठवण करून देणारं. वृक्षात आई-मुलगी दिसते, शेजारीण दिसत नाही.

या शेजाराचं सर्वांत सुंदर उदाहरण आपल्याच सांगली जिल्ह्यात आहे. जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांचा कुपवाड गावावरचा अभ्यास १९७१ साली प्रसिद्ध झाला. त्या गावात मराठी, कन्नड आणि उर्दू शतकानुशतकं एकत्र नांदत होत्या. घरात प्रत्येकाची आपली भाषा, बाहेर सगळ्यांच्या सगळ्या. अभ्यासकांना असं आढळलं की या तिन्ही भाषांतली स्थानिक वाक्यं एकमेकींत शब्दाला शब्द ठेवून बदलता येतात. म्हणजे शब्द तीन भाषांचे, पण वाक्याची चौकट जवळपास एकच. सी शार्प आणि व्हिज्युअल बेसिक डॉट नेट या भाषांची अक्षरं वेगळी दिसतात, पण दोन्ही खाली एकाच मधल्या भाषेत उतरतात, तसं काहीसं. वृक्षाच्या हिशेबाने कुपवाडची कन्नड आणि कुपवाडची मराठी दोन वेगळ्या घराण्यांतल्या. शाळेच्या, जनगणनेच्या यादीतही. गावाच्या व्याकरणात मात्र त्या एका अंगणात उभ्या आहेत.

हे सगळं बौद्धिक कोड्यासारखं वाचता येतं. पण आखडण्याचा भाग येतो तिथे माणसं अडकतात. माझं आजोळ धुळ्याकडचं. आजी अहिराणी बोलायची, आई आजीशी अहिराणी बोलायची आणि आमच्याशी ‘शुद्ध’. तीन पिढ्यांतलं भाषांतर एका स्वयंपाकघरात होत असे, आणि एकाच दिशेने. अहिराणीत ‘तू कथा जाई ऱ्हायना?’ म्हणतात. मराठीत हेच ‘तू कुठे जातो आहेस?’ होतं. क्रियापदाची ही ठेवण मराठीपेक्षा गुजरातीतल्या ‘जई रह्यो छे’च्या जवळची आहे. ग्रिअर्सननी खानदेशी सातव्या खंडात, मराठीत ठेवलीच नाही. ती नवव्या खंडात भिल्ल भाषांबरोबर आहे. २०११च्या जनगणनेतही खानदेशी ही अनुसूचीबाहेरची स्वतंत्र भाषा आहे, १८ लाखांहून अधिक लोकांची, आणि त्यातला मोठा भाग अहिराणी. आयएसओकडे ‘अहिराणी’ आणि ‘खानदेशी’ असे दोन वेगळे कोड आहेत. आणि महाराष्ट्रात ती कोण? ‘मराठीची एक गोड बोली.’ जनगणनेत एक, आयएसओत दोन, शाळेच्या माध्यमांच्या यादीत शून्य.

म्हणजे दिल्ली सांगते, ही मराठी नाही, म्हणून अनुसूचीत नाही. मुंबई सांगते, ही मराठीच, म्हणून वेगळं काही करायची गरज नाही. दोन याद्यांच्या मधल्या फटीत १८ लाख माणसं. एका नोकरीत ग्रामीण भागासाठीच्या अ‍ॅपमधली भाषांची यादी माझ्याकडे होती. मी अहिराणी सुचवली. उत्तर आलं: कोड आहे, पण आवाजाचा डेटा नाही. डेटा का नाही? कारण कुणाच्याच यादीत ती निवडता येत नाही. यादीत का नाही? कारण डेटा नाही. ‘मराठी आहे ना, त्यांना कळतं,’ असंही कुणीतरी म्हणालं. कळतं हे खरंच आहे. प्रश्न त्यांना मराठी कळते का हा नव्हता. यंत्राला ते कळतात का, हा होता.

कुणी म्हणेल, मग सगळ्या बोली सुट्या करा, प्रश्न मिटला. तसं नाही. आयएसओने वऱ्हाडी-नागपुरीलाही ‘व्ही-ए-एच’ असा स्वतंत्र कोड दिला आहे. अकोल्याच्या बाजारात उभं राहून ‘तुमची भाषा मराठी नाही’ असं म्हणून बघा. जे उत्तर मिळेल ते अस्सल वऱ्हाडीत असेल आणि मराठीच्या बाजूने असेल. बाहेरून जोडणं जितकं उद्धट, तितकंच बाहेरून तोडणंही. शिवाय एकत्र मोजण्याचे फायदे आहेत: वाचकवर्ग, पाठ्यपुस्तकं, राजकीय वजन. बहिणाबाई चौधरींची लेवा गणबोली १९५२मध्ये अत्र्यांच्या प्रस्तावनेसह मराठीच्या दारातून आत आली म्हणून घराघरात पोचली. पण यातली खोच विसरू नये. तीच बोली कवितेत आली की मराठीचं वैभव असते आणि मुलाच्या निबंधात आली की लाल रेघ.

ही लाल रेघ ‘बोली’ या शब्दातच दडलेली आहे. लिस्पच्या जगात स्कीम, कॉमन लिस्प, क्लोजर यांना ‘डायलेक्ट’ म्हणतात, आणि ते म्हणवून घेण्यात कुणाला कमीपणा वाटत नाही. त्यांच्यातली एक ‘प्रमाण लिस्प’ आणि बाकीच्या तिची बिघडलेली रूपं असं कुणी मानत नाही. सगळ्या एका जुन्या कल्पनेच्या वारसदार. मराठीत मात्र ‘बोली’ म्हटलं की मनात चित्र उभं राहतं ते प्रमाणभाषेपासून घसरलेल्या काहीतरीचं. इतिहास उलटा आहे. एकोणिसाव्या शतकात कोशकार, शाळाखातं आणि छापखाने यांनी प्रामुख्याने पुण्याकडच्या शिष्ट वर्गाच्या बोलीवरून प्रमाण मराठी घडवली. वऱ्हाडी तिच्यातून फुटलेली नाही. गिट वापरणाऱ्यांना हे समजावं: ‘मेन’ हे एका शाखेला दिलेलं नाव असतं. ती शाखा इतरांची आई नसते. सर्वांनी तिच्यात विलीन व्हायचं ही फक्त कामाची पद्धत असते.

तर काय करायचं? याद्या टाळता येणार नाहीत. कीबोर्ड, जनगणना, परीक्षा सगळ्यांनाच त्या लागतात. पण यादीने आपले निकष दाखवावेत एवढं मागता येतं. लिंग्विस्टच्या यादीत कोण कुणाच्या गटात हे कुणालाही दिसतं, आणि त्यावर लेखी हरकत घेता येते. जनगणनाही पालकाखालच्या मोठ्या मातृभाषांचे आकडे छापते, हे तिच्या बाजूने सांगायला हवं. बुडतात ती उंबरठ्याखालची नावं. गणेश देवींच्या लोकसर्वेक्षणाने २०१३मध्ये ७८० भाषा सांगितल्या आणि त्याच देशाच्या जनगणनेने १२१, यात दोघांपैकी कुणी खोटं बोलत नाही. त्यांनी प्रश्न वेगळे विचारले. आपण आकडा लक्षात ठेवतो आणि प्रश्न विसरतो.

म्हणून यापुढे कुणी व्यासपीठावरून ‘मराठी’ म्हणालं की मी मनातल्या मनात विचारणार आहे: कोणत्या काळापासूनची, कुठपर्यंतची, आणि कुणाला धरून? अभिमानासाठी दोन हजार वर्षं मागे जाणारं, संख्येसाठी धुळ्यापासून सावंतवाडीपर्यंत पसरणारं आणि गुण देताना एका शहराच्या दोन पेठांपुरतं उरणारं नाव जर एकच असेल, तर त्याच्या वापरकर्त्यांनी एकदा करार वाचायला मागावा. आणि करार मागताना अहिराणीवाल्याने अहिराणीत मागावा. ‘आपण’ या शब्दात ऐकणारा धरलेला असतो, ही सोय या भाषेत आहेच. ती वापरायची की ‘आम्ही’वरच थांबायचं, हे ‘मराठी’ म्हणणाऱ्यांनी ठरवायचं आहे.