बगळी, करकोचा आणि आपला संशोधन-प्रश्न

'प्रौढांसाठीचे तात्त्विक अ‍ॅनिमेशनपट' असा विषय घेतला, की प्रस्तावात पहिल्याच पानावर 'एकाकीपणा' आणि 'अस्तित्ववाद' येतात. माझ्याही आले होते. गाईडनी एवढंच विचारलं, "हे पडद्यावर नेमकं कुठे दिसतं?"

तोच प्रश्न घेऊन यूरी नॉर्श्टेन यांची 'बगळी आणि करकोचा' (१९७४) ही दहा मिनिटांची सोव्हिएत फिल्म बघा. मूळ लोककथा कोशकार व्लादिमीर दाल यांनी सांगितलेली. दलदलीच्या दोन टोकांना दोघं राहतात. करकोचा मागणी घालतो, बगळी नकार देते. मग तिला पस्तावा होतो, ती जाते, तर आता तो नाही म्हणतो. हे येणं-जाणं संपतच नाही.

आधी भाषा तपासा. रशियनमध्ये 'बगळा' हा शब्दच स्त्रीलिंगी आणि 'करकोचा' पुल्लिंगी. म्हणजे जोडी भाषेनंच जुळवलीय. मराठीत आपल्याला मुद्दाम 'बगळी' म्हणावं लागतं.

आता फिल्मनं काय बदललं ते बघा. कथेतली साधी घरं जाऊन तिथं खांब उरलेला पडका वाडा येतो. त्यामुळे नकाराचा अर्थच बदलतो. कथेत तो हट्ट आहे, म्हणून हसू येतं. इथं तो वैभव गेलेल्यांचा ताठा वाटतो. नॉर्श्टेन आणि चित्रकार फ्रांचेस्का यार्बुसोवा कागदी तुकडे काचेच्या थरांवर मांडतात. त्यामुळे पाऊस, गवत, धुकं आपल्या आणि पात्रांच्या मध्ये येतं. एकाकीपणा दिसतो तो इथं.

मी आंबिवलीची. मोहन्याची एनआरसी २००९ला बंद पडली. ते पडके खांब बघताना मला ती कंपनी आठवते, म्हणून फिल्म जास्तच लागते. पण ही माझी आठवण झाली, पुरावा नव्हे. प्रबंधात दोन्ही वेगळी ठेवा.

एक तक्रारही आहे. पडझड इतकी देखणी आहे, की दोघांच्या मूर्खपणाची आपल्याला कीव येते, राग येत नाही. लोककथा त्यांना एवढी सूट देत नाही. फिल्ममध्ये तत्त्वचिंतन वाढलं, पण कथेचा तिखटपणा कमी झाला, असं माझं मत. पटलं नाही तर फ्रेम दाखवून खोडा.

तुमच्या प्रस्तावासाठी एवढंच करा: कथेत असलेली पण फिल्ममध्ये नसलेली एक गोष्ट लिहा, मग उलट. प्रश्न त्या दोन ओळींतूनच काढा. 'अस्तित्ववाद' नंतर लागलाच तर बघू.