उत्तंकाने पाहिलेला माग

काळाला हात घालणारे यंत्र म्हटले की आपल्याला एच. जी. वेल्स आठवतो. १८९५ सालच्या ‘द टाइम मशीन’मधला प्रवासी खोगिरासारख्या बैठकीवर बसतो, दांडा ओढतो आणि थेट ८,०२,७०१ सालात उतरतो. काळ तिथे रस्ता आहे आणि यंत्र म्हणजे गाडी. महाभारताच्या आदिपर्वात, अगदी आरंभीच्या पौष्यपर्वात, असेच एक यंत्र आहे. मात्र ती गाडी नव्हे, तो माग आहे. आपल्याकडे वडगाव-शहापूरच्या गल्ल्यांतून धोट्याचा खडखडाट ऐकत वाढलेल्या वाचकाला, तो माग म्हणो की मग्ग, ही कल्पना परकी वाटू नये.

कथा थोडक्यात अशी. वेद नावाच्या गुरूचा शिष्य उत्तंक. गुरुपत्नीला गुरुदक्षिणा म्हणून पौष्य राजाच्या राणीची कुंडले हवी आहेत, आणि तीही चौथ्या दिवशीच्या व्रताच्या आत. राणी कुंडले देते, पण तक्षकाचा त्यांवर डोळा आहे, असे बजावते. वाटेत तक्षक क्षपणकाच्या वेषात येऊन ती पळवतो आणि बिळात शिरतो. पाठलाग करीत उत्तंक नागलोकात पोचतो. नागांची स्तुती करूनही कुंडले मिळत नाहीत. तेव्हा त्याला दिसतात मागावर वस्त्र विणणाऱ्या दोन स्त्रिया. धागे काळे आणि पांढरे. शेजारी बारा आऱ्यांचे चाक, ते फिरवणारे सहा कुमार, एक पुरुष आणि एक घोडा.

या दृश्याचे आपल्याकडे बहुतेक वेळा एकच होते : त्याची किल्ली सांगितली जाते. किल्ली कथेतच आहे. परतल्यावर गुरू उलगडा करतात की स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, कुमार म्हणजे ऋतू, चाक म्हणजे संवत्सर, पुरुष पर्जन्य, घोडा अग्नी. (स्त्रियांना पुल्लिंगी नावे का, हे गुरू सांगत नाहीत, शिष्यही विचारीत नाही.) पुराणिकाला हे पुरते. मला मात्र हा उलगडा कथेतला सर्वांत कोरडा भाग वाटतो. उत्तंकाने तिथे केलेल्या स्तुतीतले चाक कितीतरी जिवंत आहे. त्यात ३६० आणि २४ पर्वे आहेत, आणि त्या युवती धागे फिरवीत अखंड विणताहेत. गद्यात बारा आरे, पद्यात ३६०! दोन वेगळ्या हातांचे सूत इथे एकत्र आले असावे, अशी शंका येते.

खरा प्रश्न वेगळाच आहे. हा माग कथेत नेमका इथेच का आला? उत्तंकाला घाई आहे. मुदत संपत आली आहे, गुरुपत्नी शाप देईल. अशा वेळी त्याला काळ प्रत्यक्ष विणला जाताना दिसतो, आणि त्याचा त्याला काही उपयोग नाही! त्या स्त्रिया त्याच्याकडे पाहत नाहीत, बोलत नाहीत. मागावर बसलेल्याला ठाऊक असते की विणून झालेल्या पटातला मधलाच धागा ओढता येत नाही. उसवायचे तर शेवटून उसवावे लागते. वेल्सच्या यंत्राला दांडा आहे, या मागाला उत्तंकाच्या हाती येईल असे काहीच नाही.

वेळ जिंकून देतो तो घोडा. पुरुषाच्या सांगण्यावरून उत्तंक घोड्याच्या अपानात फुंकर घालतो, धूर आणि ज्वाळांनी नागलोक कोंडतो, तक्षक कुंडले परत करतो. त्याच घोड्यावरून उत्तंक क्षणात गुरुगृही पोचतो. गुरुपत्नी न्हाऊन केस विंचरीत, शाप द्यायचे मनात आणीत बसलेली. म्हणजे काळाची गाडीही महाभारताला ठाऊक होती. ती त्याने मागाच्या शेजारीच उभी केली, आणि माणसाला गाडीच दिली.

पुढे जे घडते तिथे कथा मला अस्वस्थ करते. रात्र आणि दिवस विणले जाताना पाहिलेला हा माणूस गुरूचा उलगडा ऐकतो आणि त्यावर एक शब्द बोलत नाही. तो रागाने तडक हस्तिनापुरास जातो आणि जनमेजयाला बापाच्या मृत्यूची आठवण देऊन सर्पसत्रासाठी डिवचतो. बोलण्याच्या शेवटी स्वतःचे गाऱ्हाणेही सांगतो : त्या दुष्टाने माझ्या कामात विघ्न आणले. कुंडले तर परत मिळाली होती! राग तेवढा उरला, आणि त्या रागाने पुढच्या यज्ञातल्या असंख्य सर्पांना आगीत लोटले.

आश्वमेधिक पर्वात हीच कथा दुसऱ्या रूपात येते. गुरू गौतम, गुरुपत्नी अहल्या. बिळ आहे, घोडा आहे, माग नाही. त्याऐवजी दुसरेच काही आहे : सेवेत वर्षे किती गेली हे न कळलेला उत्तंक लाकडांचा भारा खाली टाकतो, भाऱ्यात अडकलेली आपली पांढरी जटा पाहतो आणि रडू लागतो. गुरू त्याला पुन्हा सोळा वर्षांचा होऊ देतात. मोठी म्हणाल तर आदिपर्वातली कथा मोठी. पण पुन्हा वाचायला मी काढतो ती ही दुसरी. तिच्यात काळाचा पांढरा धागा उत्तंकाच्या स्वतःच्या डोक्यावरचा आहे.